दाब आणि पातं

चिकटवा तुमची नोटीस, पण मशीनवर नको — आत्ताच पुसलंय मी, भिंतीवर चिकटवा. जप्तीच ना? करा. कोर्टाचा माणूस तुम्ही, तुमच्यावर कशाला राग काढू? हे कागद कापायचं मशीन नवऱ्यानं बँकेचं कर्ज काढून घेतलं, तो गेला, हप्ते थकले — मान्य. कोर्टानं तरी माझं ऐकलं. दर दहा तारखेला बारा हजार, कोर्टातल्या खिडकीवर भरायचे. लागोपाठ तीन चुकले की सवलत रद्द, मशीन बँकेचं. मी चुकवलेच नाहीत हो. बायंडिंगचं दुकान टाकून एकटी बाई जाणार कशी, म्हणून दिराच्या हातात द्यायचे — भाऊजी, पावती तेवढी आणा. आणायचे की.

आता गंमत बघा, कोर्टाची पावतीपुस्तकं बांधतं कोण? मीच. पान फाडायला भोकांची रेघ पाडते तीही मीच, फाडलं की कडेला बारीक दाते राहतात. आणि भाऊजींच्या शेवटच्या तीन पावत्यांची कड गुळगुळीत — झेरॉक्स काढून, तारीख बदलून, कात्रीनं कापलेल्या. साऱ्या जगाला फसव बाबा, पण पुस्तक शिवणारीला? हसूच आलं मला. मग नाही आलं.

अपघात तो. पोलिसांना तसंच सांगितलंय, जावेलाही — गठ्ठा सरळ करायला भाऊजींनी मशीनमध्ये हात घातला, माझा पाय पेडलवर पडला, चार बोटं गेली. दवाखान्यात आहेत. काय म्हणालात, मशीन उचलताना पातं पडेल का? छे, आपोआप नाही पडत. पायानं आधी दाब उतरतो, ही लोखंडी पट्टी, गठ्ठा आवळून धरते, मग हातानं दांडा ओढायचा, तेव्हा कुठं पातं. दोन वेगळी कामं. दाबाखाली हात आला तर चेंगरतो नुसता, पाय उचलला की सुटतो. तो ओरडत होता, उचल म्हणून. मी विचारलं, पैसे कुठं गेले? म्हणाला, वहिनी, पुढच्या महिन्यात भरणार होतो. परत विचारलं, तर म्हणे पावत्या खऱ्याच आहेत. हाडं कडाकडा वाजतायत आणि तोंडात खोटंच, साहेब — माझं पोट होतं हो त्या मशीनवर, दुसरं काही ठेवलं नव्हतं नवऱ्यानं — तिसऱ्यांदा नाही विचारलं मी. कोरे कागद होते खाली, दोन रीम, वाया गेले सगळे. बोटं मीच वेचून दिली डॉक्टरांना.

लिहायचं का थांबलात? मशीनचा नंबर मागच्या बाजूला आहे. — नाही, पाय पडला म्हटलं मी. दांड्याचं काही म्हटलेलं नाही. म्हटलं का?

असं दाराकडे काय सरकताय, तुमचं काय घेतलंय मी?

बरं, जा. ज्याला बोलवायचं त्याला बोलवा. शटर तेवढं अर्धं ओढून घ्या, धूळ येते आत.