पोलीस ठाण्याच्या आवारातून गाडी सोडवून घेताना

चेन्नई, जून २००६

जबाब देणार : स्वरदा अच्युत दांडेकर, वय २७, धंदा नोकरी (सॉफ्टवेअर कंपनी), मूळ राहणार सातारा, सध्या राहणार वेळच्चेरी, चेन्नई.

मी समक्ष हजर राहून सांगते की, मला तमिळ नीट येत नाही. येथील हवालदार पुरुषोत्तम राव यांची घरची भाषा तंजावूरकडची मराठी असल्याने त्यांनी माझा जबाब मराठीत लिहून घेतला.

गेल्या जानेवारीत कामावरून परतताना पूनमल्ली रस्त्यावर माझ्यापुढे एका लॉरीने सायकलवाल्यास उडविले. लॉरी थांबली नाही. लोकांनी त्यांना उचलून माझ्या मारुतीच्या मागच्या सीटवर ठेवले, परंतु सोबत कोणी आले नाही. मी एकटीने त्यांना सरकारी इस्पितळात नेले. त्यांचे नाव रामस्वामी हे मला नंतर कळले. दुसऱ्या दिवशी ते वारले. गाडीचा पुढचा दिवा फुटलेला पाहून, मीच धडक दिली अशी फिर्याद त्यांच्या भावाने दिली. दिवा त्याआधीच फुटलेला होता. गाडी जप्त होऊन या आवारात राहिली.

गाडी ताब्यात मिळावी म्हणून मी वकील विजयालक्ष्मी यांच्यामार्फत कोर्टात अर्ज केला. काल सुनावणीत फिर्यादी भावाने हरकत घेतली. तेव्हा मागच्या बाकावरून मयताच्या पत्नी त्रिपुरसुंदरी उठल्या. नवऱ्याचे दिवस करण्यास त्या कुंभकोणमला गेल्या त्या तिकडेच राहिल्या होत्या, त्यामुळे त्यांना तोवर कोणी काही विचारले नव्हते. मला वाटले, आता संपले. त्या तमिळमध्ये बोलल्या ते वकीलबाईंनी मला समजावून सांगितले, ते असे :

“सकाळी त्यांना शुद्ध आली होती. म्हणाले, लॉरीनं उडवलं, एका मुलीनं आणलं. वाटभर ती बोलत होती. भाषा कळत नव्हती, पण झोपू देत नव्हती. म्हणून ते माझ्याशी शेवटचं बोलू शकले. तिची गाडी तिला द्या.”

दीर मध्ये बोलू लागले. बाईंनी वळूनही पाहिले नाही. मॅजिस्ट्रेटसाहेबांनी पेन खाली ठेवले. मी त्या रात्री गाडीत काय बोलत होते, ते मला आठवत नाही.

गाडी विकणार नाही, बोलावल्यावर हजर करीन, अशा हमीवर मला ती मिळाली.

आज गाडी घेण्यास आले तेव्हा त्रिपुरसुंदरीबाईही आल्या होत्या. बॅटरी उतरलेली होती. दोन पोलीस धक्का देऊ लागले, तशी बाईंनी पदर कमरेला खोचून मागून हात लावला. मी म्हटले, “अम्मा, तुम्ही नको.” त्या तमिळमध्ये म्हणाल्या, “तू चालव.” गाडी सुरू झाली. मग त्यांनी स्वतः दार उघडले व मागच्या सीटवर बसल्या. सीटवरचा रक्ताचा डाग तसाच आहे. त्यांनी त्यावर हात ठेवला आणि मला “तंगच्ची” म्हणाल्या. हवालदारांनी सांगितले, याचा अर्थ धाकटी बहीण.

इंजिन बंद करता येत नसल्याने गाडी बाहेर सुरूच आहे. बाई आत बसून आहेत. त्यांना कोयंबेडूच्या बसस्थानकावरून कुंभकोणमची बस धरायची आहे. म्हणून याहून जास्त सांगत नाही.

हवालदारांनी हे सर्व मला मोठ्याने वाचून दाखविले. मी बोलले तसेच उतरले आहे, म्हणून सही करते.

स्वरदा अ. दांडेकर