दाराबाहेरून वाचलेलं

ग्रंथपाल : असा विभाग नसतो हो आमच्याकडे.

वडील : कसला नसतो?

ग्रंथपाल : तुम्ही म्हणालात तसा. वाचून माणसाला जगावंसं वाटेल, अशा पुस्तकांचा. कोणासाठी हवंय?

वडील : मुलीसाठी. एकोणीस वर्षांची आहे. इथंच यायची ती. तुम्ही ओळखत असाल.

ग्रंथपाल : उभ्यानं वाचायची ती? कपाटाला टेकून? बसायला सांगितलं तरी बसायची नाही?

वडील : तीच. तिची आई गेली, बाई. स्कूटर मुलगी चालवत होती, आई मागे बसलेली. रस्त्यात वाळू सांडली होती, तिच्यावरून घसरली. मुलीला खरचटण्यापलीकडे काही नाही. आणि तेव्हापासून आतून कडी. दाराशी ताट ठेवतो, निम्मं तसंच परत येतं. बोलत नाही. गॅलरीच्या खिडकीतून बघतो, तर भिंतीकडे तोंड करून पडलेली.

ग्रंथपाल : अरे देवा. मला वाटलं, परीक्षा असेल म्हणून येत नाही. डॉक्टरांना दाखवलंत?

वडील : डॉक्टरीणबाई येऊन गेल्या. दाराबाहेर बसून बोलल्या तिच्याशी. पुन्हा येणार आहेत. मला म्हणाल्या, घरात एकटं सोडू नका, बोलत राहा. आत्ता तिची मावशी आहे घरी. आता मी बोलू काय? मी लिफ्ट दुरुस्त करणारा माणूस. घरात बोलण्याचं खातं तिच्या आईकडे होतं.

ग्रंथपाल : आणि दार उघडायचं मनात नाही आलं?

वडील : बिजागऱ्या काढायला मला कितीसा वेळ लागतो? रोजचं काम आहे. पण लिफ्टमध्ये माणूस अडकला ना, की आम्ही आधी दाराला हात लावत नाही. त्याला बोलतं ठेवतो. घाबरलेल्या माणसाला ओढलं की तो भलतीकडे पाऊल टाकतो.

ग्रंथपाल : मग वाचून दाखवा तिला.

वडील : मी? 'फक्त सहा व्यक्तींसाठी' या पाटीपलीकडे मी काही वाचलेलं नाही, बाई.

ग्रंथपाल : अडखळलात तरी चालेल.

वडील : एकदा वाचलं. शेजारच्या आजींनी देवाधर्माचं पुस्तक आणून दिलं होतं. तिच्या दाराशी बसून वाचलं. जे घडतं ते त्याच्या इच्छेनं, असं होतं त्यात. तेव्हा आतून पहिल्यांदा आवाज आला.

ग्रंथपाल : काय म्हणाली?

वडील : म्हणाली, 'मग त्याला माझेच हात बरे सापडले.' बस. पुन्हा गप्प. आता ते पुस्तक हातात धरवत नाही मला.

ग्रंथपाल : पुस्तकाचा दोष नाही तो. ऐकायचीही वेळ असावी लागते... थांबा हं. ही कादंबरी न्या. एक कुटुंब नावेवर दुकान थाटतं आणि गावोगाव फिरतं.

वडील : यात कोणी मरत नाही ना?

ग्रंथपाल : वाचून फार वर्षं झाली. खूप हसले होते एवढं आठवतंय.

*

वडील : '...नाव काठाला लागली, तशी धाकट्यानं उडी मारली. आई ओरडली, अरे गाढवा, आधी दोर तरी बांध!' ऐकतेयस ना गं? बरं. 'धाकट्यानं दोर बांधला. मग... मग सगळे जेवायला बसले. आईनं सगळ्यांना वाढलं. सगळे पोटभर जेवले. मग झोपले. सकाळी उठले. आईनं सगळ्यांना चहा दिला. मग दुपारी सगळे पुन्हा जेवायला...'

मुलगी : बाबा.

वडील : अं? काय गं? काय?

मुलगी : हे पुस्तकात नाहीये.

वडील : आहे की.

मुलगी : पुस्तकात कोणी इतका वेळ नुसतं जेवत नाही. आणि तुम्ही पानं उलटलीत. मला आवाज आला.

वडील : चिकटली होती.

मुलगी : मेली ना ती? त्यांची आई?

वडील : ...हो.

मुलगी : कशानं?

वडील : तापानं. कोणी काही केलं नव्हतं. ताप चढला आणि गेली.

मुलगी : मग त्या मुलांचं सोपं आहे.

वडील : बाळा, हे राहू दे. मी दुसरं आणतो. तू सांगशील ते. नुसतं सांग, कसलं आणू?

मुलगी : भुतांचं.

वडील : भुतांचं?

मुलगी : गेलेलं माणूस परत येतं, असं. आणि त्याच्याशी बोलता येतं.

*

ग्रंथपाल : नाही. भुताखेतांचं मी आत्ता तिच्या हातात देणार नाही.

वडील : तिच्या कुठं, माझ्या हातात द्या. वाचणार मी.

ग्रंथपाल : तेच ते झालं. अहो, तिला गेलेल्या माणसाशी बोलायचंय. उद्या म्हणाली मीच जाते तिकडे, मग?

वडील : ती भीती मला नाही असं वाटतं तुम्हाला? तिची मावशी आत्ता दाराशी बसलीय, म्हणून मी इथवर आलो. जिन्यानं उतरताना दोनदा मागे फिरलो.

ग्रंथपाल : तसं नव्हतं म्हणायचं मला. डॉक्टरीणबाईंना विचारलंत का?

वडील : विचारलं. म्हणाल्या, तिनं आपणहून काही मागितलं हे मोठं आहे. वाचा, आणि ती जे विचारेल त्याचं खरं उत्तर द्या. बाई, ती पाणीसुद्धा मागत नाही हो. पुस्तक मागितलं तिनं. मी रिकाम्या हातानं परत जाऊ?

ग्रंथपाल : आणि वाचता वाचता नको ते आलं तर? पुन्हा पानं गाळाल?

वडील : गाळता येत नाहीत. तिला कळतं.

ग्रंथपाल : ...आमचे हे गेले ना, तेव्हा मीसुद्धा या कपाटापाशी यायचे. संध्याकाळी, सगळे गेल्यावर. कोणाला बोलले नाही. ग्रंथपालबाई भुतं वाचतात म्हटलं की हसतील लोक.

वडील : मिळालं काही?

ग्रंथपाल : भीतीच वाटेना. त्याचंच रडू यायचं. ...हे घ्या. लहानसं आहे. यात एक बाई परत येते. शेवट आधी सांगून ठेवू का तुम्हाला?

वडील : नको. सांगितलात तर माझ्या आवाजात येईल तो.

*

वडील : '...बाई उंबऱ्यात उभी होती. पाय ओले. लेकीनं विचारलं, तू माझ्यावर रागावलीस का गं? बाईनं मान वर केली. आणि...'

मुलगी : थांबलात का?

वडील : पान उलटलं. एकच उलटलं. '...आणि ती काही बोलली नाही. उजाडेपर्यंत लेकीकडे बघत राहिली.' संपली गोष्ट.

मुलगी : खोटं.

वडील : एवढंच आहे गं. फटीतून आत सरकवू का पुस्तक? तूच बघ.

मुलगी : नको.

वडील : बरं.

मुलगी : बाबा, आई काही म्हणाली का? दवाखान्यात? तुम्ही आत होतात ना तिच्यापाशी?

वडील : आधी थोडं पाणी देऊ का तुला?

मुलगी : खरं सांगा. सगळ्यांना जेवायला बसवू नका.

वडील : नाही म्हणाली. ती शुद्धीवर आलीच नाही. मी हात धरून बसलो होतो. तेही तिला कळलं की नाही, देव जाणे.

मुलगी : म्हणजे रागावली होती का, ते कधीच कळणार नाही.

वडील : नाही कळणार.

मुलगी : आणि तुम्ही? तुम्ही रागावलात?

वडील : रागावलो. पहिल्या दिवशी फार रागावलो. कोणावर तेच कळेना. तुझ्यावर, वाळू टाकून जाणाऱ्यावर, तिच्यावरही, मला न सांगता गेली म्हणून. मग घरी आलो तर तुझं दार बंद. आत तू उशीत तोंड खुपसून रडत होतीस. ते ऐकलं आणि राग कुठं गेला, मी शोधलासुद्धा नाही. आता नुसती भीती वाटते.

मुलगी : कशाची?

वडील : या दाराची. अगं, बंद लिफ्टमध्ये माणसं ओरडतात, शिव्या देतात, लाथा मारतात. ओरडणाऱ्यांची मला कधी काळजी वाटत नाही. तू ओरडत नाहीस गं. मी काय करू, मला काही सुचत नाही. तूही गेलीस तर मी कोणाला हाक मारू? घरात बोलायला मला कोणी शिकवलंच नाही.

(कडी सरकते. दार बोटभर उघडतं.)

मुलगी : तुम्ही फरशीवर बसलाय?

वडील : खुर्चीवरून आवाज आत पोचत नव्हता.

मुलगी : दाढी केवढी वाढलीय.

वडील : आरसा तुझ्या खोलीत आहे.

मुलगी : ...मी बाहेर येणार नाही. आज तरी नाही.

वडील : नको येऊस. दार एवढंच राहू दे. एवढं पुष्कळ झालं.

मुलगी : मावशीला सांगा, भात असेल तर थोडा देईल का.

वडील : सांगतो. लगेच सांगतो. आणि हे भुताचं?

मुलगी : परत करा.

वडील : करतो. बाई विचारतील, आता काय देऊ म्हणून. काय सांगू त्यांना?

मुलगी : इतिहासाचं आणा. त्यात सगळे आधीच गेलेले असतात.

वडील : लहान आणू की मोठं?

मुलगी : मोठं. संपायला वेळ लागेल असं.