मयताघरचं पिठलं

पेणच्या एसटी स्टँडवर रोह्याची गाडी अजून लागली नव्हती. सुरभी मोबाइल चाळत बसली होती. शेजारच्या बाकावर दोन म्हाताऱ्या होत्या. त्यातली गोदूबाई सहा महिने अमेरिकेत लेकाकडे राहून नुकतीच परतलेली.

"मैने, आमच्या शेजारचा गोरा म्हातारा गेला नि घरात त्याची बायको एकटीच गो!"

"अगो बाय! पोरंबाळं?"

"तीन पोरगे. तिघांनी बापाची माती मोबाइलवर बघितली."

सुरभीचा अंगठा थांबला.

"मोबाइलवर?"

"व्हय! मला नाय राहवलं. मयताच्या घरी चूल कशी पेटंल? पिठलं-भात केला नि गेले घेऊन."

"खाल्लं तिनं?"

"खाल्लं नि ढसाढसा रडली. माझ्या नातीनं तिचं इंग्रजी मला समजावून सांगितलं. म्हातारी म्हणत होती, माझ्या लहानपणी आमच्यातपण मयत झालं की सगळी आळी जेवण घेऊन यायची, टेबलावर जागा पुरायची नाय. आता कोण नाय येत. तूच एक आलीस."

"म्हंजे त्यांच्यातपण होतं हे?"

"होतं नि गेलं! माझ्या तर अंगावर काटा आला. आपल्याकडं तरी बरं हाय. तुझे मालक गेले तवा मी तिकडं. पिठलं कोणी आणलं गो?"

मैना पदराचं टोक चुरगाळत राहिली.

"कोण नाय. सुनेनं मोबाइलवरनं मागवलं. आणणारा जाताना म्हणाला, काकी, जेवण आवडलं तर पाच स्टार द्या."

"मेल्याला लाज नाय! नि मग?"

"सुनेनं दिले."