पाच आठवडे अडवलेला अर्ज

सन्माननीय अध्यक्ष खुशालरावजी, मंचावरील पाहुणे, सहकारी शिक्षक, पालक आणि मागं सतरंजीवर दाटीवाटीनं बसलेल्या माझ्या मुलांनो,

शकुन मॅडमच्या एकतीस वर्षांच्या सेवेबद्दल मुख्याध्यापक म्हणून मी बोलावं, असं ठरलं. मानपत्रात बहुतेक सगळं आलंच आहे. त्यात नसलेलं एक सांगतो.

ढगांतल्या राजवाड्यात शिरलेल्या मुलीची गोष्ट मॅडम दरवर्षी आपल्या वर्गाला सांगत. आपणही ती लहानपणी वाचलेली. तीन वर्षांपूर्वी तिच्यावर भव्य चित्रपट आला. काचेची जंगलं काय, हवेत पोहणारे सोनेरी मासे काय! अमरावतीच्या टॉकीजवर झुंबड उडाली.

त्या वर्षी मॅडमच्या वर्गात पौर्णिमा होती. तिची नजर कमी होत चालली होती. ती फार तर काही महिने टिकेल, असं अकोल्याच्या डॉक्टरांनी सांगितलं होतं. वर्गाला तो चित्रपट दाखवायला न्यावं, म्हणून मॅडम सहलीचा अर्ज घेऊन आल्या. मी म्हणालो, "शिष्यवृत्तीची परीक्षा होऊ द्या. पिक्चर कुठं पळून चालला?"

"पिक्चर राहील सर, तिची नजर राहत नाही. एकटीले नेते म्हटलं, तर म्हणते, मी वर्गासंगच येईन."

मी अर्ज ड्रॉवरमध्ये टाकला. शाळेच्या निकालाची काळजी, दुसरं काय?

पाच आठवड्यांनी आपल्या तिवस्याहून गाडी निघाली. मीही सोबत होतो. पडद्यावर राजवाडा उघडला, मुलांनी टाळ्या पिटल्या. माझ्या पुढच्या रांगेतून पौर्णिमाचा आवाज आला, "मॅडम, सुरू झाला का? मले नुसता उजेडच दिसून राहिला."

मॅडम तिचा हात हातात घेऊन एकेक चित्र तिच्या कानात सांगू लागल्या.

"आता मासे आले. हळदीसारखे पिवळे."

"किती हायेत?"

"मोजता येत नाहीत, बाई."

मध्यंतरात त्या बाहेर गेल्या, नळावर तोंड धुतलं आणि परत येऊन बसल्या. शेवटपर्यंत सांगत राहिल्या. येताना गाडीत पौर्णिमा मुलांना विचारत होती, "तुमाले कोणता मासा आवडला?" मी खिडकीबाहेर तोंड केलं.

आज ती अंधशाळेत शिकते. तिच्या आई इंदूबाई इथं बसल्या आहेत. मॅडमनी मला एका शब्दानं दोष दिला नाही. दिला असता तर बरं झालं नसतं का?

अध्यक्षांचे आणि आपल्या सर्वांचे आभार. बोलण्यात मागंपुढं झालं असेल, तर सभागृहानं पोटात घालावं. तो अर्ज मात्र पोटात घालू नका. त्याची माफी मला मॅडमना आणि इंदूबाईंना मागायची आहे. तीन वर्षं जमलं नाही. आज हात जोडून मागतो.