सुतकातली काकडी

…आन वर मलाच म्हणत्यात, "बरणीला हात लावू नगंस, तू सुतकी हायस." आता तुमास्नी सांगतो, बरणी कुणाची? माझ्या दादाची. म्हस्कूदादा कालव्याच्या बंगल्यावर साहेबाच्या खानसाम्याच्या हाताखाली होता, तितं शिकला. कवळ्या काकड्या, मिठाचं पाणी, लसूण आन वर शेपू… शेपू, म्हंजे माझा वैरी. आईनं भाजी केली की माझी वाटणी मी दादाच्या ताटात सरकवायचो, तो निमूट खायचा… तर असलं सगळं काचेच्या बरणीत भरलं, बरणी उकळत्या पाण्यात ठेवली, तोंड मेणानं बंद. तेल न्हाय, तिखट न्हाय. सारं शेळगाव हसलं. रावजीतात्या म्हणाले, "म्हस्कू, ह्ये लोणचं हाय का बैलाचं औषध?" दादा म्हणाला, "दिवाळीला फोडू, मग बोला."

दिवाळीच्या आत तापानं दादालाच नेलं.

म्हणलं, ही बरणी आता मी फोडणार. तर न्हाय, हात लावायचा न्हाय, सुतक्याच्या हातानं म्हणं बुरशी धरती. मग फोडली कुणी? द्वारकाआत्यानं. "मी दिल्या घरची, मला कसलं सुतक? दुखवट्याची माणसं कोरडी भाकरी खातील व्हय?" बरं, आमच्या घरचं पाणी ह्यांना चालंना, तांब्या-भाकरी आपापल्या घरनं आणत्यात, आन काकडी चालती? तर म्हणती, "मिठात घातलेल्याला सुतक लागत न्हाय." मग माझ्या हातानंच कसं लागतं, आत्या? "त्वांड लई चालतंय तुझं. बरणीपासनं लांब हो."

झालो लांब. बसलो कोपऱ्यात. इंदापुरासनं दगडामावशी आली, आत्याच्या गळ्यात पडून रडली, पदरानं डोळं पुसलं आन म्हणाली, "रडून रडून तोंडाची चव गेली बाई, जरा बघू ती फोड." रावजीतात्या तर रोज. "लई गुणाचं पोरगं… द्वारकाबाई, आजून एक वाढा." बैलाचं औषध ना, तात्या? असं अगदी जिभेवर आलं होतं माझ्या. पर सुतक्यानं बोलायचं न्हाय, बरणीला हात लावायचा न्हाय, नुसतं बघायचं.

दहावा झाला. डोकं भादरलं, आंघोळ केली, पयलं आत्याकडं गेलो. "आता मी शुद्ध का?"

"शुद्ध रं बाबा. घे, तुझीच हाय बरणी."

माझीच. बघतो तर काकडी एक न्हाय. तळाला नुसता शेपू.

खाल्ला. भाकरीबरोबर सगळा खाल्ला. आजूनबी आवडत न्हाय… पर आता सरकवू कुणाच्या ताटात?