हंड्याची झाली तार

(मोहन्याच्या मथुराताईंनी सांगितलेलं)

मी जन्माची खाडीकडची, ताई. माझा बापूस मिठागरावर कामाला, आयसपण तिथंच, आणि मिठाची हवा अशी की तांब्याचं भांडं आज घासून ठेवा, बघता बघता हिरवं. आयसकडे तांब्याचा एकच हंडा होता, तो ती चिंच लावून घासायची आणि घासताना कोणाशी बोलायची नाय, आमी आये भूक लागली, आये भूक लागली करत राहायचो तरी नाय. तो हंडा झळकला की मग हसायची. माझं लग्न झालं तवा हळदीला माझ्या न्हाणाचं पाणी त्याच हंड्यातनं काढलेलं, आमच्या घरची रीतच ती, नवरीच्या अंगावर पहिलं पाणी तांब्याच्या हंड्यातलं. हंडा मग भावाकडे राहिला, बरोबर हाय, घर त्याचं. पण मी तवाच मनात धरलेलं, मना पोरगी झाली तर तिला तिचा स्वतःचा हंडा देईन, भावाचा नाय, बापाचा नाय, तिचा.

लग्न करून मोहन्याला आले. नवरा रेऑनच्या, म्हणजे नकली रेशमाच्या धाग्याच्या कंपनीत, भोंगा वाजला की गावातल्या चुली पेटायच्या असे दिवस. मग कंपनी बंद झाली. बंद म्हणजे एकदम नाय होत, ताई, आधी बोलतात जरा थांबा, मग बोलतात बघू, मग कोण काय बोलतच नाय. माझा नवरा सकाळी उठून सवयीनं डबा मागायचा आणि मी पण सवयीनं भाकरी थापायला बसायची, आणि मग दोघांना एकदमच आठवायचं. फार सरळ माणूस, कोणाला उलट बोलला नाय कधी, पण बसून बसून आतनं खचला आणि गेला. माझी पोरगी दर्शना तवा शाळेत. म्हणून मी शहाडला वाइंडिंगच्या गाळ्यात लागलेली.

वाइंडिंग म्हणजे काय सांगू तुमाना, बिल्डिंगच्या टाकीत पाणी चढवायची मोटर असते ना, तिच्या पोटात तांब्याच्या तारेचे वेढे असतात, ते वेढे आमी करायचो आणि पंपाच्या कंपनीला द्यायचो. तार बारीक, वरनं लाखेसारखा चकचकीत थर, ती फर्म्यावर गुंडाळायची, फर्मा म्हणजे साचा, एका हातानं मशीन फिरवायची आणि दुसऱ्या हाताच्या चिमटीतनं तार सोडायची. जास्त ओढली तर ताणून बारीक होते, ढिली सोडली तर वेढा बसत नाय. मना नजमानं शिकवलं. नजमा उल्हासनगरची, माझ्या आधीची, तोंडानं फटकळ पण हाताची सोन्यासारखी. ती बोलली, पोरीचे केस विंचरतेस ना, गुंता आला की कशी हलकी होतेस, तशी सोड. बस, त्या दिवशी जमलं मना.

आता गाळ्याची एक रीत सांगते, ती तुमाना दुसरीकडे नाय मिळायची. गाळा काढला तो आताच्या शेठच्या वडिलांनी, मोठे शेठ आमी बोलायचो, कच्छी माणूस पण मराठी आमच्यासारखीच बोलायचा. काम करताना तारेचे तुकडे पडतात, ते वर्षभर डब्यात टाकायचे, आणि दसऱ्याला मशीनला हार घातला की मोठे शेठ तो डबा आमा बायकांना वाटून द्यायचे. दुसरा कोण असता तर भंगारात विकला असता. ते बोलायचे, लक्ष्मी तुमच्या हातातनं जाते, थोडी तुमच्या घरी पण थांबू दे. ते तुकडे आमी जाळून साफ करायचो आणि कल्याणच्या बाजारात भांडेवाल्याकडे मोडीत घालून भांडं घ्यायचो. कोणी तांब्या, कोणी पळी-पंचपात्र, नजमानं तर पाण्याचा जग घेतलेला. मी काही घ्यायची नाय. मी खाटेखाली साठवायची. नजमा चिडवायची, मथुरा तांब्याचा ताजमहाल बांधणार हाय. मी बोलायची, बोल गं बाई, बोल तू.

आणि घेतला एकदा हंडा. चांगला जाड, ठोक्याचा, ठोके असे की उन्हात ठेवला तर बघवत नाय. वर नाव घालून घेतलं, ते टोच्यानं टिंब टिंब मारून घालतात ना तसं, चि. दर्शना, आणि पुढं जागा रिकामी ठेवली, बोलले, सासरचं नाव नंतर घालू. भांडेवाला हसला, बोलला, ताई आधी मुलगा तर बघा. मी बोलले, मुलगा मिळतो हो, तांब्याचा भाव काय थांबतो का.

तर तांब्याच्या भावाचं सांगते. आमच्या शेठला, म्हणजे मोठ्या शेठच्या मुलाला, सकाळी आल्या आल्या मोबाइल बघायची सवय, आणि त्याच्या तोंडावरनं आमी ओळखायचो आज तांबं चढलं का उतरलं. मी एकदा विचारलं, शेठ, आपल्या कल्याणातली तार, तिचा भाव मोबाइलवर कोण ठरवतो? तो बोलला, मथुराबाई, आपल्या देशात तांब्याची माती आहे पण थोडी, बाकीची माती जहाजानं येते, पार समुद्रापलीकडनं, आणि ती गाळायची मोठी भट्टी पण आपल्याकडची एक बंद पडली, म्हणून आता तयार तांबं पण बाहेरनं मागवावं लागतं. तिकडे एखादी खाण बसली, नाहीतर कामगार संपावर गेले, नाहीतर जहाज अडकलं, की इकडे माझ्या तारेच्या रिळाला कुलूप. आणि मागणी तर बघा, बोलला, बॅटरीची गाडी आली, तिला तांबं, एसीला तांबं, छतावरच्या सोलरला तांबं, आणि आपण कोण, आपण सगळ्यात मागे उभे. मी घरी येऊन विचार करत बसले, कुठल्या मुलखात कोण बाई असेल, तिचा घरवाला खाणीत जात असेल, खाण बंद पडली की तो पण माझ्या नवऱ्यासारखा सकाळी डबा मागत असेल. हसू नका, मना खरंच तसं वाटलेलं.

मग अ‍ॅल्युमिनियमची तार आली. शेठ बोलला, करून बघू, स्वस्त आहे. अहो, आमचे हात तांब्याचे! चिमटीत धरली, ओढली, तट्. परत लावली, परत तट्. आख्ख्या गाळ्यात दिवसभर तट् तट्, नजमा बोलली, ही तार हाय का शेवई. हळूहळू हात बसला आमचा, पण पंपाच्या कंपनीची तवा मोठी ऑर्डर होती, तिनं नमुना बघितला आणि बोलली, या ऑर्डरला तांबंच पाहिजे, आमी गिऱ्हाइकाला तांब्याची मोटर सांगून दिलीय, आणि तुमाला जमत नसेल तर राहू द्या, बाहेरच्या देशातनं आख्खी तयार मोटर येते, आमी तीच आणतो. म्हणजे बघा, माती बाहेरची, तांबं बाहेरचं, आता वेढे पण बाहेरचे. मग आमच्या हातांनी करायचं काय?

आणि नेमकं तवाच तांबं असं चढलं आणि बाजारात असं मिळेनासं झालं की कल्याणचा तारवाला बोलला, नवी तार मी आता फक्त जुन्या तांब्यावर देणार, जितकं मोडीत आणाल तितकी तार, घडणावळ वेगळी. शेठनं गाळा झाडून काढला, जुन्या जळक्या मोटरी फोडल्या, घरचा तांब्याचा बंब दिला, तरी पुरेना. एका दुपारी आमच्यासमोर स्टूल घेऊन बसला आणि बोलला, बायांनो, मी खोटं नाही बोलणार, ही ऑर्डर गेली तर गाळा राहत नाही. जरा थांबा, बघू.

जरा थांबा, बघू. ताई, तेच शब्द. मना मोहन्याचा भोंगा आठवला, बंद झालेला.

पहिली नजमा उठली. दुसऱ्या दिवशी तिचा तांब्याचा जग घेऊन आली. शेठ बोलला हे काय. ती बोलली, तुमच्या बापाचंच हाय, थोडे दिवस आमच्याकडे राहायला आलेलं. मग बाकीच्यांनी आणली भांडी, आणि गंमत बघा, सगळ्या जणी घासून आणत होत्या! चिंच लावून, लिंबू लावून, चकाचक. भट्टीत जायचं भांडं, तारवाला त्यावर हातोडा घालणार, आणि आमी त्याला सजवून पाठवतो. शेठ बोलला, अगं काळी असती तरी वजन तेच. त्याला कोण सांगणार, मळलेलं भांडं कोण घराबाहेर काढतं का.

मी काही नेलं नाय. हंड्याकडे बघायची आणि मान फिरवायची. दर्शनाचं लग्न तवा ठरलेलं, मुलगा चांगला, डोंबिवलीत फ्लॅट घेतलेला दोघांनी मिळून, ती पण कमावते. मी मनाला सांगायची, माझ्या एका हंड्यानं काय गाळा वाचतोय. पण गाळ्यात गेले की सगळ्या जणींच्या हाताखालची, त्यांच्याच भांड्यांची झालेली तार बघून जेवण जायचं नाय. नजमा एका शब्दानं बोलली नाय, तेच जास्त लागायचं.

शेवटी दर्शनाच बोलली. आई, तू आजकाल हंड्याशी भांडलेली असल्यासारखी का बसतेस? मी सगळं सांगितलं, आणि वर बोलले, तुझा हाय, तुझ्या हळदीचा हाय, मी कसा देऊ. ती बोलली, आई, खरं सांगू, रागावू नको, माझ्या किचनमध्ये एवढा हंडा ठेवायला जागाच नाहीये गं, मी तुला सांगणार होते पण तोंडच उघडेना.

काय सांगू तुमाना. मना एवढं लागलं, एवढं लागलं. मी उठून मोरीत गेले आणि रडले. ते सगळे दसरे, ते खाटेखालचे तुकडे, आणि पोरीला ठेवायला जागा नाय. ती मागनं आली, मना धरून बोलली, जागा नाही म्हणून नको नाही म्हणत, आई. बाबा घरी बसले तेव्हा मी बघितलंय. तू घरी बसलेली मला नाही बघवणार.

आणि मग आमी दोघींनी बसून तो हंडा घासला. मी माझ्या आयससारखी, एक शब्द न बोलता. ती पण गप्प. पोरगी कधी घासायला बसली नव्हती त्याआधी.

गाळ्यात तीच घेऊन गेली, मी मागनं. शेठनं नाव वाचलं आणि हात मागे घेतला. बोलला, हा नाही, हा मुलीचा आहे, पाप लागेल मला. दर्शना बोलली, काका, मुलगी मीच आहे, घ्या. तारवाल्याकडे पण ती आली आमच्याबरोबर. तिथल्या माणसानं हातोडा उचलला तवा मी डोळे मिटले. तिनं मात्र थांबवलं त्याला, बोलली, भाऊ, एक मिनिट, एवढा तुकडा कात्रीनं कापून द्या. नावाचा. कापला त्यानं. बाकीचा हंडा हातोड्याखाली चपटा झाला.

तार आली, ऑर्डर गेली वेळेवर. कुठल्या रिळात माझा हंडा होता ते कोण सांगणार, पण मी त्या दिवसांत प्रत्येक वेढा केस विंचरल्यासारखा सोडलाय. हळदीला पाणी स्टीलच्या घागरीतनं काढलं. भाऊ बोललेला, आयसचा हंडा घेऊन येतो, मी बोलले नको, जे हाय ते खरं. दर्शनानं नावाचा तो तुकडा घागरीच्या तळाशी टाकला आणि मग पाणी घेतलं अंगावर. रीत मोडली का राहिली, तुमीच सांगा. आमच्या म्हाताऱ्या बाया तर काही बोलल्या नाय.

आता गाळ्यात अर्धं काम अ‍ॅल्युमिनियमचं, अर्धं तांब्याचं. वाचला गाळा, पण नेहमीसाठी वाचला असं मी नाय बोलणार, शेठचं तोंड अजून मोबाइलवरच असतं. तांबं मिळेना तवा बंद पडलेला दसऱ्याचा डबा मात्र त्यानं परत सुरू केला. तुकडे थोडे पडतात आता, आमी पाडतच नाय.

परवा दर्शनाकडे गेलेली डोंबिवलीला. खाली जिन्याजवळ पंपाची खोली, दार उघडं, मोटर चालू होती. आमी वेढे देतो त्याच कंपनीची. मी आत जाऊन हात ठेवला तिच्यावर, गरम होती, अंगाला थरथर. वॉचमन बोलला, मावशी, हात काढा, शॉक लागेल. मी बोलले, नाय रे बाबा, ही मना ओळखते. आता खरं का खोटं देव जाणे. वर गेले, दम लागलेला. पोरीनं नळ सोडला, पेला भरला आणि माझ्या हातात दिला, बोलली, आई, पाणी घे.

घेतलं. आणि मनात बोलले, कुठल्या कुठल्या देशातल्या खाणीतल्या लोकांनो, सुखी राहा रे, तुमची पोरंबाळं सुखी राहू दे. माझ्या पोरीच्या घरी पाणी आलंय.