वाऱ्यानं झेललेली पोर

सभेचे अध्यक्ष माननीय भगवंतराव पाटील, त्यांच्या शेजारी बसलेले आमच्या शाळेचे पंतोजी महादेवराव, ज्यांच्यासाठी आज आपण जमलो ते सत्कारमूर्ती खुशालराव सलोत्री, मोर्णेच्या दोन्ही काठांवरून आलेले कास्तकार, गाडीवान, हमाल आणि व्यापारी मंडळी, आणि पडद्यापलीकडे बसलेल्या माझ्या आयाबहिणींनो, आपणा सर्वांना नत्थुजी माळ्याचा नम्र नमस्कार.

एवढं एक वाक्य महादेवरावांनी माझ्याकडून सहा वेळा म्हणवून घेतलं. म्हणाले, नत्थुजी, सभेत बोलायचं तर शुद्ध बोला, भाजीबाजारात बोलता तसं नको. मी प्रयत्न करतो. मध्येच जीभ घसरली तर ती वांगी विकणाऱ्याची जीभ आहे असं समजून घ्यावं. अध्यक्ष हसले, म्हणजे परवानगी मिळाली.

खुशालराव उद्या अकोला सोडून अमरावतीला धाकट्या भावाकडे राहायला चालले आहेत. वीस वर्षं त्यांनी या गावच्या गुराढोरांची हाडं सांधली. जनावरांचे वैद्य पुष्कळ असतील, पण जनावराशी अदबीनं आणि माणसाशी फटकून बोलणारा सलोत्री आपल्याच नशिबी आला. बैलाला म्हणतील, "बसा मालक, पाय दावा." आणि मालकाला म्हणतील, "तू तिकडे सरक बे." माझी विचारपूस त्यांनी कधी केली नाही, माझ्या म्हशीची मात्र दर बाजाराला केली. असा माणूस चालला तर गावानं रडावं की म्हशींनी? मला वाटतं, दोघांनीही.

मागली चार-पाच वर्षं आठवून पाहा. सातासमुद्रापलीकडे अमेरिकेत भाऊबंदांची लढाई जुंपली आणि विलायतेच्या गिरण्यांना एकदम आमच्या वऱ्हाडचा कापूस आठवला. खामगावच्या वाटेवर सकाळी सुरू झालेली गाड्यांची रांग दिवेलागणीपर्यंत सरत नसे. त्या दिवसांत अकोल्यात वारा डोळ्यांना दिसायचा. कापसाची पुंजकी त्यात तरंगत असायची, बाभळींना कापूस लागल्यासारखा वाटायचा. मी वाफ्यात खुरपं धरून वर बघत राहायचो. एक पुंजकं खाली यायला इतका वेळ लावी की तोवर मी मनानं कुठल्या कुठं जाऊन येई. आमची मंडळी जमुना ओरडायची, "वाफा फुटून राह्यला, आन हे आभाय पाहून राह्यले."

पण माझं हे वर बघणं कापसाच्या तेजीच्याही आधीचं आहे. कोणतीही वस्तू वरून खाली येताना दिसली की मी थांबतो. पान असो, पीस असो. त्याला कारण आहे, आणि खुशालरावांचं देणं सांगायचं तर ते कारण सांगावंच लागेल.

आठ वर्षांपूर्वीची गोष्ट. माझी लेक मनकर्णा तेव्हा चौदा महिन्यांची होती. पोपट हाकलायला मी मळ्यात सात हात उंच माळा बांधला होता. जमुना पोरीला कडेवर घेऊन वर बसली होती. गोफण उचलायला ती वाकली आणि पोर निसटली. मी खाली वाफ्यांना पाण्याची दारं धरत होतो. मी पाहिलं. खरं सांगतो मंडळी, ती पडली नाही, ती उतरली. झबल्यात वारा भरलेला, दोन्ही हात पसरलेले, डोळे उघडे, आणि माझ्याकडे बघत ती खाली येत होती. सात हातांना असा वेळ तो किती लागणार? पण माझ्या डोळ्यांपुढं ती अजून येतेच आहे. ओल्या, भुसभुशीत मातीत ती आदळली, उठून बसली, मूठभर माती तोंडात घातली आणि हसली. अंगावर ओरखडासुद्धा नव्हता.

मारुती हा वाऱ्याचा लेक, हे आपण सगळे जाणतो. गावानं त्याच संध्याकाळी ठरवून टाकलं की पोरीला मारुतीनं झेललं. तिचं नाव मागं पडलं, ती मारुतीची लेक झाली. बाळंतिणी आपली लेकरं तिच्या पायाशी आणून ठेवू लागल्या. गाडीवान आपल्या गाडीच्या चाकाला तिचा हात लावून घेत, म्हणजे वाटेत गाडी उलटायची नाही. आणि मी? ज्या दारांपुढं मी डोक्यावर पाटी घेऊन उभा राहायचो, त्या दारांत मला बसायला पाट मिळू लागला. या सभेत खोटं कशाला बोलू, मला तो पाट फार गोड लागला.

होता होता मनकर्णा सात वर्षांची झाली. त्या साली कापसाचे गठ्ठे दाबायचा एक मोठा पेच आपल्याकडे उभा राहिला. बावीस हात उंच लाकडी मनोरा, आत जिना, वर उघडी फळी. तो बांधताना दोन मजूर वरून पडले. त्यातला एक उठला, एक उठला नाही. त्यानंतर कोणी मजूर वर चढेना. माल खाली पडून, गाड्या खोळंबलेल्या. तेव्हा कोणीतरी म्हणालं, मारुतीच्या लेकीनं एकदा या मनोऱ्यावरून वाऱ्यावर उतरावं, म्हणजे जागेचा दोष जाईल. सगळ्यांना ते पटलं. मलाही पटलं.

पेचाचे शेटजी बाहेरगावचे होते, ते मात्र बावरले. म्हणाले, खाली दहा गाड्या मोकळा कापूस तरी पसरून ठेवू. मंडळी, त्याला नको कोण म्हणालं असेल? मी म्हणालो. माझे शब्द मला पाठ आहेत. म्हटलं, "कापूस पसरसान त मारुतीवर इस्वास नाही असं होईन." लोकांनी माझा जयजयकार केला.

आदल्या दिवशी दुपारी खुशालराव माझ्या मळ्यात आले. नमस्कार नाही, चमत्कार नाही. बांधावर बसून त्यांनी काळ्या मातीचे नऊ सारखे ठोकळे केले, फाशांएवढे. एक बाजूला ठेवून म्हणाले, "हा उंदीर." उरलेले आठ एकमेकांना चिकटवून दुप्पट लांबीचा, दुप्पट रुंदीचा, दुप्पट उंचीचा एक ठोकळा केला आणि म्हणाले, "हे मांजर. उंदरापरीस मांजरात माती किती?"

मी म्हणालो, "आठपट."

"आन बाहेरून कातडी किती, मोज."

मी मोजली. मोठ्याच्या एकेका अंगावर लहानाचे चार चौकोन बसत होते. "चारपट."

"मांस आठपट झालं, कातडी चारपटच राह्यली. नत्थू, वारा कातडीले धरते आन धरती मांसाले वढते. मुंगी सारी कातडीच हाय, ताडावरून पडली तरी वारा तिले हयूच खाली ठेवते. उंदीर कोरड्या विहिरीत पडला त अंग झटकून पयते. त्याच विहिरीत पडलेला बैल म्या इतक्या वर्षांत उठलेला पाह्यला नाही. त्याच्यात देवाचा राग नाही, त्याचा आकार हाय."

"मंग मारुतीनं माह्या पोरीले झेललं नाही म्हणता?"

"झेललं असन. पण तवा ती झेलण्याजोगी होती."

मी हसलो, चार वांगी त्यांच्या उपरण्यात बांधली आणि त्यांना वाटेला लावलं. एवढी सोपी गोष्ट मला कळली नसेल का? कळली होती. पण कळणं आणि पाट सोडणं यांत अंतर असतं.

दुसऱ्या दिवशी शनिवार, मारुतीचा वार. सकाळीच सगळं गाव मनोऱ्याखाली लोटलं होतं. मी मनकर्णेच्या कपाळाला शेंदूर लावला आणि तिचा हात धरून जिना चढलो. वर पाहतो तो खुशालराव आधीच येऊन बसलेले, शेजारी झाकलेली टोपली. त्यांनी खाली हाक दिली, "पोरीच्या आधी माही जनावरं उतरतीन." लोकांना गंमत वाटली. त्यांनी पहिल्यांदा तळहातावरची मुंगी फुंकून दिली. ती कोणाला दिसली नाही, पण सगळ्यांनी बघितलं. मग उंदीर सोडला. तो चारी पाय पसरून हवेत पोहत गेला, जमिनीवर आपटला, क्षणभर दबकला आणि लोकांच्या पायांतून पळाला. मग खार. शेपटीचा झुपका वर, अंग चापट, उन्हात ती किती सावकाश गेली म्हणून सांगू. मी सगळं विसरून बघत होतो. खाली आरोळी उठली, "रामाची खार, मारुतीची किरपा!" खुशालरावांनी कपाळाला हात लावला. सलोत्र्यांनी दाखवलं एक आणि गावानं पाहिलं भलतंच.

मग ते माझ्याकडे वळले. "पोट्टीले उचल. मी सांगतो तवा खाली ठेव."

मी उचललं. ते खामगावच्या वाटेकडे बघत बसले. खाली लोक नाव घेत होते. माझे खांदे भरून आले. तेव्हा माझ्या ध्यानात आलं, पाच-सहा वर्षांत मी या पोरीला उचललंच नव्हतं. देवाच्या लेकीला कडेवर कोण घेतो? ती चौदा महिन्यांची असताना नवस म्हणून तिची गुळानं तुला केली होती, दहा शेर गूळ लागला होता, आणि माझ्या मनात ती अजून दहा शेरांचीच होती. माझी पकड सुटत चालली. ती घसरायला लागली आणि माझ्या गळ्याला बिलगली.

"तुयाच्यानं पेलवत नाही," खुशालराव म्हणाले, "आन वाऱ्याच्या हाती देऊन राह्यला?"

मी तिला खाली ठेवलं. तेव्हा ती बोलली. माझ्याशी नाही, त्यांच्याशी. हळूच म्हणाली, "सलोत्रीबाबा, आता पडली त त्या खेपेसारखंच दुखन का?"

मी विचारलं, "कोणत्या खेपेसारखं?"

ती त्यांच्या आड सरकली. खुशालरावांनी सांगितलं. "मांगच्या साली पेरूवरून पडली. तीन दिवस हात पदराखाली लपवून फिरली. म्हणे, मारुतीच्या लेकीले लागत नसते, बाबाले सांगू नका. वैद्याकडे गेली नाही, तो तुले सांगन म्हणून. ढोराच्या वैद्याकडे आली. म्या बैलाले बांधतो तश्या बांबूच्या कामट्या बांधल्या. पण उशीर झाला होता."

मी तिचा डावा हात धरून सरळ करायला गेलो. कोपरातून तो पुरा सरळ झाला नाही. वर्षभर त्याच हातानं ती माझ्यापुढं पाण्याचा तांब्या आणून ठेवत होती.

आम्ही जिन्यानं खाली उतरलो, एकेक पायरी. लोक नाराज झाले, काही मला काय काय बोलले. ते बरोबरच होतं. शेटजींनी वरच्या फळीला भक्कम कठडा केला आणि मजूर चढू लागले. माझा पाट गेला. मी पुन्हा दारापुढं उभा राहून वांगी विकतो, आणि आता बरं वाटतं.

आता तिकडची लढाई थांबली, कापसाचा भाव उतरला, गाड्या कमी झाल्या, म्हणून खुशालरावही निघाले. त्यांचे उपकार मानायला माझ्यापाशी शब्द नाहीत. अमरावतीच्या बैलांनो, एवढंच सांगतो, तुमच्याशी हा माणूस गोड बोलेल, त्यावरून तो गोड आहे असं समजू नका. तो त्याहून बरा आहे. अध्यक्षांनी मला एवढा वेळ दिला, पंतोजींनी मला वाक्यं दिली, आपण सर्वांनी शांतपणे ऐकून घेतलं, त्याबद्दल सर्वांचा ऋणी आहे.

शेवटी चुकल्यामाकल्याची क्षमा मागायची, असं महादेवरावांनी शिकवलं आहे. बोलण्यात काही उणंअधिक झालं असेल तर सभेनं ते पोटात घालावं. पण माझी खरी चूक सभेची नाही. जिची आहे ती नऊ वर्षांची पोर पडद्यापलीकडे आईजवळ बसली आहे, आणि दोन वर्षांत घरात तिच्यापुढं याबद्दल माझं तोंड उघडलं नाही. म्हणून सगळ्यांसमक्ष बोलतो. मनकर्णे, तुले लागलं होतं, आन म्या पाह्यलं नाही. जमलं त पोटात घाल, माय.